कुलाब्याचें स्टेशन

आमच्या एकलहऱ्याहून मुंबईस जावयाचें म्हणजे प्रथम नाशिकरोडच्या फलाटावर जाऊन उभें राहावें लागतें. घाट उतरून गाडी कल्याणच्या पुढें गेली कीं, बरोबरच्या मुलांचे प्रश्न सुरू होतात. मागील खेपेस मुंबईस पोंचल्यावर लोकलगाड्यांचा नकाशा पाहत एका मुलानें आम्हांस विचारलें, "पश्चिम बाजूच्या गाड्या चर्चगेटपाशींच कां थांबतात? त्याच्या पुढें तर अजून पुष्कळ मुंबई शिल्लक आहे!" प्रश्न लहान मुलाचा असला तरी पोरकट नव्हता. चर्चगेटच्या दक्षिणेस मंत्रालय आहे, विधानभवन आहे, नरीमन पॉइंटच्या उंच कचेऱ्या आहेत, कफ परेड आहे आणि त्याच्याही पुढें कुलाबा आहे. साऱ्या महाराष्ट्राचा कारभार जेथून चालतो त्या जागेच्या अलीकडेच लोकलचे रूळ संपावे, हें कोणासही चमत्कारिक वाटेल. आम्हीं उत्तर दिलें, "पूर्वीं गाड्या पुढें जात असत. कुलाब्यास मोठें स्टेशन होतें." त्यावर लगेच दुसरा प्रश्न आला, "मग तें गेलें कोठें?" या दुसऱ्या प्रश्नाचें उत्तर उभ्याउभ्या देण्यासारखें नव्हतें, तें येथें सविस्तर देण्याचें आम्हीं योजिलें आहे.

मुंबईच्या एका स्टेशनाची कथा नाशिककरांनीं कां सांगावी, अशी शंका कोणी घेईल. तिचें निरसन सोपें आहे. नाशिकरोड स्टेशनापासून नाशिक शहरापर्यंत एके काळीं घोड्यांनीं ओढावयाची ट्राम चालत असे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या वर्षांत ती सुरू झाली आणि १९३० नंतरच्या दोन-तीन वर्षांत ती बंद पडून तिचे रूळही नाहींसे झाले. म्हणजे कुलाब्याचें स्टेशन आणि नाशिकची ट्राम यांचा अंतकाळ जवळजवळ एकच होय. एक महानगराचें टर्मिनस, दुसरें एका तीर्थक्षेत्राचें साधें वाहन. दोहोंच्या थोरवींत अंतर असलें तरी दोहोंचें नशीब एकाच जातीचें आहे. तेव्हां गेलेल्या वस्तूबद्दल नुसती हळहळ न करितां, ती कां गेली आणि ती गेल्यामुळें कोणाचें काय झालें, याचा हिशेब मांडून पाहण्याचा अधिकार आम्हांसही आहे असें आम्ही समजतों.

कुलाबा हें मूळचें बेट. मुंबईच्या सात बेटांत अगदीं दक्षिणेकडील हें टोंक. मधल्या एका लहान बेटाची व खाडीची आडकाठी असल्यामुळें भरतीच्या वेळीं तेथें होडीवांचून जातां येत नसे. १८३८ सालीं कॉजवेचा रस्ता तयार झाला आणि कुलाबा मुंबईस कायमचा जोडला गेला. रस्त्यामागोमाग व्यापार आला. किल्ल्यांतील टाउन हॉलसमोरच्या मोकळ्या पटांगणांत कापसाच्या गांसड्यांचा जो बाजार भरे, तो आगीच्या व गर्दीच्या भयानें १८४४ सालीं कुलाब्यास हलविण्यांत आला. पुढें सुमारें पाऊण शतक मुंबईचा कापूस म्हणजे कुलाबा, असें समीकरणच होऊन बसलें. थळ घाट १८६५ सालीं आगगाडीस खुला झाल्यावर आमच्या खानदेश-वऱ्हाडाचा कापूसही नाशिकरोडवरून मुंबईच्या वाडीबंदरास उतरे व तेथून बैलगाड्यांनीं कुलाब्याची वाट धरी. गुजराथेंतील भडोच-सुरतेकडचा कापूस मात्र दुसऱ्या रेल्वेनें येणार होता, आणि आमच्या कथेचा संबंध त्या दुसऱ्या रेल्वेशीं आहे.

ती रेल्वे म्हणजे बाँबे, बरोडा अँड सेंट्रल इंडिया. हें लांबलचक नांव उच्चारण्याचा कंटाळा येऊन लोक तिला बी. बी. सी. आय. म्हणत. तिचा आरंभ गुजराथेंत झाला आणि १८६४ सालीं ती उत्तरेकडून ग्रांटरोडपर्यंत येऊन पोंचली. त्याच वेळीं मुंबईवर एक विलक्षण वेड स्वार झालें होतें. अमेरिकेंत १८६१ सालीं यादवी युद्ध पेटलें, तेथील कापूस विलायतेच्या गिरण्यांस मिळेनासा झाला, आणि हिंदुस्थानच्या कापसास सोन्याचा भाव आला. मुंबईंत पैशाचा पूर लोटला. हा पैसा ठेवावयाचा कोठें? तेव्हां समुद्र हटवून जमीन करणाऱ्या कंपन्या निघाल्या. त्यांतील बॅकबे रेक्लमेशन कंपनीच्या पांच हजार रुपयांच्या एकेका भागास पन्नास हजारांचा भाव आला, आणि प्रेमचंद रायचंद या सट्टेबाजांच्या राजाचें नांव घरोघर झालें. १८६५ सालीं युद्ध संपलें, कापूस कोसळला, आणि त्याबरोबर भाग, पेढ्या व अब्रू हीं सर्व एकदमच कोसळलीं. बॅकबेची अवाढव्य योजना बुडाली. मात्र किनाऱ्यालगत भरणी केलेली एक चिंचोळी पट्टी मागें राहिली. सरकारच्या हातीं आलेल्या या पट्टीचें करावयाचें काय? ती बी. बी. सी. आय. रेल्वेस देण्यांत आली.

वाचकांनीं ही गोष्ट लक्षांत ठेवावी, कारण या कथेची किल्ली तिच्यांत आहे. कुलाब्याकडे जाणारे रूळ ज्या जमिनीवर पडले, ती जमीन लोकांच्या सोयीसाठीं म्हणून निर्माण झालेली नव्हती. ती जमिनीच्या सट्ट्यांतून उरलेली होती. सट्टा बुडाला म्हणून तेथें रेल्वे आली. पुढें साठ वर्षांनीं दुसरा सट्टा उभा राहिला, तेव्हां तीच रेल्वे त्याच जमिनीवरून उठविण्यांत आली.

या पट्टीवरून रूळ हळूहळू दक्षिणेकडे सरकले. १८६७ सालीं विरारहून बॅकबेपर्यंत रोज एक गाडी येऊं-जाऊं लागली. १८७० सालीं चर्चगेट झालें, आणि १८७२-७३ च्या सुमारास रूळ कुलाब्यास जाऊन भिडले. चर्चगेट या नांवाची मौज अशी कीं, ज्या वेशीवरून तें पडलें ती वेस तेव्हां उरलीच नव्हती. सेंट टॉमसच्या देवळाकडे जाणारा किल्ल्याचा तो दरवाजा, किल्ल्याच्या तटाबरोबर, गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर यांच्या कारकीर्दींत जमीनदोस्त झाला होता. पाडलेल्या वेशीचें नांव स्टेशनानें जपून ठेविलें. पाडलेल्या स्टेशनाची आठवण जपण्याचें काम मात्र कोणी पत्करलें नाहीं.

कुलाब्यास रेल्वेनें आरंभीं मुख्यतः कापूस आणला. मालधक्का, गुदामें, गांसड्यांचे ढीग, दलाल, मुकादम व हमाल यांची ती वस्ती. परंतु मालाच्या गाडीमागून माणसांची गाडी येतेच. उत्तरेकडील वांद्रें, सांताक्रूझ, अंधेरी, बोरीवली हीं गांवें हळूहळू उपनगरें झालीं. तेथें राहावें आणि कोटांतील कचेरींत चाकरी करावी, ही जी मुंबईची आजची रीत, ती या रुळांनीं घातली. १८९६ सालीं कुलाब्यास नवी टोलेजंग इमारत उघडण्यांत आली व तें बी. बी. सी. आय. चें खऱ्या अर्थानें मुंबईंतील शेवटचें स्टेशन झालें. त्याच वर्षाच्या पावसाळ्याअखेर मुंबईंत प्लेग अवतरला, आणि जुन्या वस्तींतील कोंदट चाळी सोडून मोकळ्या हवेंत राहावयास जाण्याची इच्छा व गरज दोन्ही वाढल्या. दूर राहावयाचें तर गाडी हवी, आणि गाडी कचेरीच्या दारापर्यंत हवी. त्या दृष्टीनें कुलाब्यापर्यंतचे रूळ हें शहराच्या हातीं आलेलें मोठेंच साधन होतें.

या साधनांत दोष नव्हता असें मात्र नाहीं. रूळ जमिनीवरून जात, आणि ते शहर व समुद्र यांच्या बरोबर मधून जात. युनिव्हर्सिटी, राजाबाई टॉवर, हायकोर्ट या पश्चिमेकडे तोंड करून बसलेल्या इमारतींपुढें मैदान, मैदानापुढें रूळ, आणि रुळांपलीकडे समुद्र, अशी ती रचना होती. समुद्रकांठाचें शहर असून समुद्राकडे जावयाचें तर आधीं आगगाडीची वाट आडवी येई. हा अडथळा दूर करण्याचे मार्ग जगास ठाऊक होते: रूळ जमिनीखालीं न्यावे, किंवा खांबांवर उचलून वरून न्यावे.

दुसरा मार्ग मुंबईच्याच पूर्व बाजूस, जी. आय. पी. रेल्वेनें प्रत्यक्षांत आणला. बंदराच्या बाजूची हार्बर लाइन १९१० सालीं रे रोडपासून कुर्ल्यापर्यंत सुरू झाली होती. ती बोरीबंदरास जोडावयाची तर मधली दाट वस्ती व मुख्य मार्ग ओलांडणें भाग होतें. तेव्हां लोखंडी खांब उभारून रूळ वर उचलण्यांत आले, आणि सँडहर्स्ट रोड येथें खालीं एक व वर एक असें दुमजली स्टेशन झालें. ३ फेब्रुवारी १९२५ रोजीं गव्हर्नर सर लेस्ली विल्सन यांच्या हस्तें या मार्गावरून हिंदुस्थानांतील पहिली विजेची आगगाडी धांवली. हें उंचावरचें स्टेशन आज शंभर वर्षांनंतरही उभें आहे. खालून हातगाड्या, माणसें व मुख्य मार्गाच्या गाड्या जातात. वरून हार्बरच्या गाड्या जातात. डोंगरीच्या त्या वस्तीस तें शोभा देतें असें कोणी म्हणणार नाहीं. परंतु तें राहिलें, आणि राहिलें म्हणून दररोज असंख्य लोकांच्या उपयोगी पडलें.

उंचावरचीं स्टेशनें सगळीकडेच अशीं टिकलीं नाहींत, हेंही येथेंच सांगितलें पाहिजे. न्यूयॉर्क शहरांत एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत रस्त्यांवर खांब रोवून त्यांवरून आगगाड्या नेण्यांत आल्या होत्या. त्यांच्या स्टेशनांवर जिन्यानें चढून जावें लागे. खालच्या रस्त्यावर अंधार पडे, वर खडखडाट चाले, आणि दोहों बाजूंच्या घरमालकांची तक्रार अशी कीं, आमच्या जागेचे भाव यामुळें बुडतात. १९३८ सालीं सहाव्या ॲव्हेन्यूवरील मार्ग बंद होऊन लौकरच पाडला गेला. १९५५ सालीं मॅनहॅटनमधील तिसऱ्या ॲव्हेन्यूवरचा शेवटला मार्गही बंद झाला. त्याच्या जागीं शेजारच्या दुसऱ्या ॲव्हेन्यूखालून भुयारी रेल्वे करण्याचें आश्वासन फार दिवसांचें होतें. तिचीं पहिलीं तीन नवीं स्टेशनें उघडलीं तीं १ जानेवारी २०१७ रोजीं! मधल्या बासष्ट वर्षांत रस्त्यावर ऊन आलें, जागांचे भाव चढले, आणि त्या बाजूच्या रहिवाशांनीं गर्दीच्या बसगाड्यांत व दूरच्या स्टेशनांच्या वाटेंत आपलें आयुष्य घालविलें. कुलाब्याची कथा याहून फारशी निराळी नाहीं.

आतां कुलाब्याकडे वळूं. १९१८ सालीं सर जॉर्ज लॉइड मुंबईचे गव्हर्नर होऊन आले. त्यांनीं बॅकबेचें पन्नासांहून अधिक वर्षें निजलेलें स्वप्न पुन्हां जागें केलें. १९२० सालीं डेव्हलपमेंट खातें निघालें. वरळी, नायगांव, डिलाइल रोड व शिवडी येथील बी. डी. डी. चाळी बांधल्या त्या याच खात्यानें. आज त्यांच्याही पुनर्विकासाचें काम सुरू आहे. कामकऱ्यांसाठीं चाळी आणि धनिकांसाठीं समुद्रांतून काढलेली जमीन, असा त्या खात्याचा दुहेरी संकल्प होता. बॅकबेंत आठ भागांत मिळून अकराशें एकरांहून अधिक जमीन काढावयाची, ती चढ्या भावानें विकावयाची आणि खर्च भरून काढून नफाही मिळवावयाचा, असा कागदावरचा हिशेब होता. प्रत्यक्षांत खर्च अंदाजाबाहेर गेला, गाळ हवा तसा मिळेना, आणि टाकलेला गाळ समुद्रांत परत जाऊं लागला. कायदेमंडळांत व वृत्तपत्रांत खुर्शेद फ्रामजी नरीमन यांनीं या कारभाराचे वाभाडे काढले. हार्वे नांवाच्या इंजिनिअरानें त्यांच्यावर अब्रुनुकसानीची फिर्याद केली. १९२८ सालीं नरीमन त्यांतून निर्दोष सुटले. मध्यंतरीं १९२६ सालीं चौकशीस मीअर्स कमिटी बसली आणि योजनेचे मधले भाग सोडून देण्यांत आले.

योजना अशी निम्मीअर्धी झाली. परंतु जी जमीन हातीं आली तिचा तरी पैसा व्हावयास हवा होता. शहर आणि ही नवी जमीन यांच्या मध्यें चर्चगेट ते कुलाबा हे रूळ आडवे पडले होते. त्यांच्या खालची जागा मोलाची, आणि त्यांच्यामुळें अडलेली पलीकडची जागा त्याहून मोलाची. तेव्हां चर्चगेटच्या दक्षिणेकडील सर्व मार्ग १९३० सालच्या अखेरपर्यंत सोडून द्यावा, असें रेल्वेस सांगण्यांत आलें. कापसाचा बाजार तत्पूर्वींच शिवडीस गेला होता, त्यामुळें मालाच्या बाजूनें स्टेशनाची वकिली करणारा कोणी उरला नव्हता. राहतां राहिले उतारू. आणि उतारू ही अशी जात आहे कीं, ती रोज संध्याकाळीं घरीं पोंचण्याच्या घाईंत असते.

या निर्णयांतील विसंगति पाहण्यासारखी आहे. ५ जानेवारी १९२८ रोजीं कुलाब्यापासून बोरीवलीपर्यंत विजेच्या गाड्या सुरू झाल्या; म्हणजे नव्या तारा, नवे खांब, नव्या गाड्या हा सगळा सरंजाम कुलाब्यापर्यंत नेण्यांत आला होता. त्याच वर्षीं सप्टेंबरांत पेशावरपर्यंत जाणारी नामांकित फ्रंटियर मेल सुरू झाली, तीही कुलाब्याहून. पहिल्या दर्जाच्या मानकऱ्यांची गाडी आणि कारकुनांची विजेची गाडी, दोहोंनींही कुलाब्याचा फलाट नुकताच गाजविला होता. आणि त्यानंतर तीन वर्षें पुरतीं होण्याच्या आंतच स्टेशन बंद झालें! लांबच्या गाड्यांसाठीं बेलासिस रोडजवळ बाँबे सेंट्रल हें नवें स्टेशन क्लॉड बॅट्ले या शिल्पकाराच्या आराखड्याप्रमाणें अवघ्या एकवीस महिन्यांत उभें राहिलें; १८ डिसेंबर १९३० रोजीं गव्हर्नर सर फ्रेडरिक साइक्स यांनीं तें उघडलें. नंतर दोन आठवड्यांनीं, ३१ डिसेंबरच्या रात्रीं, कुलाब्याचें स्टेशन मिटलें. १९३१ साल उजाडलें तेव्हां पश्चिमेच्या रुळांचें दक्षिण टोंक चर्चगेट झालें होतें, आणि तें तेव्हांपासून तेथेंच आहे.

तें वर्ष मिठाच्या सत्याग्रहाचें होतें. मुंबईंतील चौपाट्या, चौक आणि तुरुंग माणसांनीं भरून गेले होते. अशा दिवसांत एका स्टेशनासाठीं कोण रडणार? शिवाय बी. बी. सी. आय. चे साहेब आणि कापसाचे दलाल यांच्या या जागेविषयीं सामान्य माणसास जिव्हाळा तो काय वाटणार, असेंही कोणी म्हणेल. तें कांहीं अंशीं खरें आहे. वास्तु म्हणून कुलाब्याचें स्टेशन व्हिक्टोरिया टर्मिनसच्या पंक्तीस बसणारें नव्हतें. तें गेल्याबद्दलचें आमचें दुःख कमानींचें आणि घुमटांचें नाहीं.

ज्यांनीं स्टेशन काढलें त्यांच्या बाजूचेंही चार शब्द सांगणें न्यायाचें होईल. त्याच भरणीवर पुढें मरीन ड्राइव्ह झाला, आणि ज्या शहरास समुद्र असून दिसत नव्हता त्यास तो रोज संध्याकाळीं दिसूं लागला. श्रीमंतापासून भिकाऱ्यापर्यंत कोणासही त्या कठड्यावर बसतां येतें, हा लाभ लहान नव्हे. लांब पल्ल्याच्या गाड्या शहराच्या अगदीं टोंकापर्यंत आणण्याचें कारण नव्हतें, हेंही मान्य केलें पाहिजे. बाँबे सेंट्रल त्या कामास अधिक सोयीचें होतें. चूक झाली ती लांबच्या गाड्यांबरोबर जवळच्या गाड्याही काढल्या ही. पेशावरास जाणाऱ्यास एखादा मैल आधीं गाडींत बसावें लागलें तर बिघडत नाहीं. रोज सकाळीं कामावर जाणाऱ्याची मैलभर पायपीट जन्मभर पुरते. सँडहर्स्ट रोडप्रमाणें रूळ वर उचलून ही पायपीट टाळतां आली असती कीं नाहीं, हा प्रश्न इंजिनिअरांचा होय. परंतु ज्या सरकारांत समुद्र हटविण्याची हिंमत होती, त्यास दीड-दोन मैलांचा रूळ उचलणें अशक्य होतें असें आम्हांस वाटत नाहीं. समुद्र हटविल्यानें जमीन विकावयास मिळत होती; रूळ उचलल्यानें फक्त लोकांची सोय झाली असती. फरक असेल तर तो येथें होता.

यापुढची हकीकत काळानेंच लिहिली आहे. १९५१ सालीं बी. बी. सी. आय. हें नांव जाऊन पश्चिम रेल्वे झाली. स्वातंत्र्यानंतर बॅकबेची भरणी पुन्हां सुरू झाली आणि नरीमन पॉइंट वर आला. ज्या नरीमनांनीं बॅकबेच्या कारभारावर कोरडे ओढले, त्यांचेंच नांव बॅकबेच्या भरणीस मिळालें! तेथें बँका आल्या, विम्याच्या कंपन्या आल्या, वर्तमानपत्रें आलीं, सरकारी कचेऱ्या आल्या. म्हणजे रूळ जेथून काढले, नेमक्या त्याच बाजूस शहरानें आपली सर्वांत मोठी नोकरपेशा गर्दी नेऊन बसविली. कुलाब्यास जाणारी ट्रामही ओसरली; ३१ मार्च १९६४ रोजीं मुंबईची शेवटची ट्राम बंद झाली. तेव्हांपासून चर्चगेटच्या दारांत सकाळीं जो माणसांचा लोंढा बाहेर पडतो आणि दक्षिणेकडे झपाझप चालूं लागतो, तो मुंबईचें वैभव म्हणून चित्रांत दाखविण्यांत येतो. आम्हांस तो कुलाब्याच्या स्टेशनाचें रोजचें श्राद्ध वाटतो. हीं माणसें जी वाट पायीं तुडवितात किंवा बसच्या रांगेंत उभीं राहून कंठतात, तीच वाट त्यांच्या आज्या-पणज्यांच्या काळीं गाडी कांहीं मिनिटांत काटीत होती.

स्टेशनाच्या जागीं आतां बधवार पार्क ही रेल्वे अधिकाऱ्यांची वसाहत आहे. तिच्यालगतच्या किनाऱ्यावर कोळ्यांच्या होड्या अद्याप लागतात. बेट होतें तेव्हांही कोळी होते. कापूस आला, रेल्वे आली, दोन्ही गेलीं, उंच इमारती आल्या, तरी कोळी आहेत. या सगळ्या उलाढालींत जमिनीचा सट्टा न केलेली तेवढीच एक वस्ती, असें गमतीनें म्हणावेंसें वाटतें.

आणि आतां कथेचा शेवटला भाग. ऑक्टोबर २०२५ मध्यें मुंबईची भुयारी मेट्रो, आरे कॉलनीपासून कफ परेडपर्यंत, पूर्णपणें सुरू झाली. साडेतेहतीस किलोमीटरांचा हा मार्ग, आणि त्यास लागलेला खर्च तीस हजार कोटी रुपयांहून अधिक. चर्चगेटनंतर तिचीं स्टेशनें विधानभवन आणि कफ परेड हीं होत. म्हणजे १९३० सालच्या शेवटच्या रात्रीं जेथून आगगाडी मागें घेतली, त्याच परिसरांत सुमारें पंचाण्णव वर्षांनीं ती परत आली. फरक इतकाच कीं, ती आतां जमिनीच्या पोटांतून आली, कारण वर तिला जागा उरली नव्हती. आम्ही मेट्रोस नांवें ठेवीत नाहीं. उशीर झाला तरी जें झालें तें चांगलेंच झालें. आमचें म्हणणें एवढेंच कीं, १९३० सालीं काढून टाकलेल्या वस्तूची खरी किंमत किती होती, तें आज तिच्या बदलीं मोजलेल्या पैशावरून कळतें. जमीन विकून आलेल्या रुपयांची बेरीज त्या काळच्या वहींत झाली. पंचाण्णव वर्षांच्या पायपिटीची वजाबाकी कोणत्याच वहींत झाली नाहीं.

शहराच्या वहींत एक खातें नेहमीं कोरें राहतें, आणि तें रोजच्या उतारूचें असतें. जमिनीचा भाव आज ठरतो, उद्यां वाढतो. त्याचे आंकडे कोणासही दाखवितां येतात. सकाळीं वाचलेलीं पंधरा मिनिटें, म्हाताऱ्या माणसास न चढावा लागलेला जिना, मुलीस एकटीनें निर्भयपणें करतां आलेला प्रवास, यांचे आंकडे कोणी मांडीत नाहीं. म्हणून जमीन आणि रूळ यांचा वाद झाला कीं, जमीन जिंकते. नंतर कांहीं पिढ्यांनीं गरज दार ठोठावते, आणि मग तेच रूळ शतपट खर्चानें पुन्हां घालावे लागतात.

ही शिकवण केवळ मुंबईपुरती नाहीं. नाशिकची ट्राम गेली तेव्हां तिच्या मागें तिचे रूळच नव्हेत, तर तिचा मार्गही गेला. मोटारी व टांगे आले, रस्ता भरून गेला, आणि नाशिकरोडहून शहरांत जाणें हें आज पुन्हां एक काम होऊन बसलें आहे. २०२१ सालच्या केंद्रीय अर्थसंकल्पांत नाशिकसाठीं खांबांवरून धांवणाऱ्या, रबरी चाकांच्या मेट्रोची घोषणा झाली व तीस २,०९२ कोटी रुपयांचा आंकडाही जोडण्यांत आला. घोड्यांच्या ट्रामनें जी वाट दाखविली होती, तीच वाट पुन्हां उंचावरून शोधण्याचा हा विचार आहे. तो जेव्हां केव्हां तडीस जाईल तेव्हां आम्ही आनंदानें त्या स्टेशनांचे जिने चढूं. परंतु त्या वेळीं एक गोष्ट कोणीतरी लिहून ठेवावी: हे खांब कोणासाठीं उभे केले आणि पुढें कोणी ते काढावयास आला, तर त्यानें आधीं कोणास विचारावें.

एकलहऱ्यास रात्रीं निजण्याच्या वेळीं मालगाडीचा आवाज ऐकूं येतो. येथील वीजकेंद्राचे १९७०-७१ सालचे पहिले दोन संच आतां निवृत्त झाले आहेत. बाकीच्यांसाठीं कोळशाच्या वाघिणी येतात. त्या आवाजाची आम्हांस इतकी संवय झाली आहे कीं, तो थांबला तरच जाग येईल. कुलाब्याच्या रहिवाशांस १ जानेवारी १९३१ च्या पहाटे अशीच जाग आली असेल काय?

त्या मुलास आम्हीं ही सगळी हकीकत घरीं आल्यावर सांगितली. त्यानें ती शांतपणें ऐकून घेतली आणि म्हटलें, "म्हणजे स्टेशन जुनें झालें म्हणून नाहीं पाडलें?" "नाहीं," आम्हीं सांगितलें, "जागा महाग झाली म्हणून पाडलें." त्यानें नकाशा काढला, चर्चगेटच्या खालीं पेन्सिलीनें एक रेघ ओढली, आणि तिच्या टोंकाशीं एक टिंब दिलें. त्या टिंबाजवळ त्यानें नांव लिहिलें तें कफ परेडचें नव्हतें, कुलाब्याचें होतें.